न विचारलेले फळ

दि. ६ मार्च

ती. अक्कांस,
शि. सा. न. वि. वि.

आपले पत्र परवा मिळाले. फोनवर आपल्याला निम्मे ऐकू येते आणि उरलेले निम्मे आपण मनाने भरून काढता, त्यामुळे पत्राचा आपला आग्रह मला मान्य आहे. शिवाय बत्तीस वर्षे न्यायालयात बसून इतरांच्या साक्षी लिहून घेतलेल्या माणसाला बोलण्यापेक्षा लिहिणे सोपे जाते.

आपली धाकटी बहीण जाऊन आज सात आठवडे झाले. घर व्यवस्थित आहे. तिच्याकडे दुरुस्तीला आलेले लोकांचे नऊ कपडे मी चिठ्ठ्या लावून ज्याचे त्याला परत केले. एका बाईंनी मात्र आपला कोट नेण्यास नकार दिला. अर्धी दुमड तिच्या हातची आहे, उरलेली दुसऱ्या कुणाकडून घालून घेणे जिवावर येते, असे त्या म्हणाल्या. कोट शिवणयंत्राशेजारच्या खुंटीवर आहे. त्याचे काय करावे हे मला समजलेले नाही.

आता मुख्य विषय. बाईसाहेब (मांजराला दिलेले हे नाव मला कधीच पसंत नव्हते, परंतु अकरा वर्षांनंतर ते बदलता येत नाही) नीट जेवत नाहीत. दिवसभर यंत्राच्या झाकणावर पडून असतात. मासळी हुंगतात आणि माझ्याकडे अशा पाहतात, जणू स्वयंपाक्याला कामावरून काढण्याचा विचार चालू आहे. दुपारी चारला मात्र उठून ओट्यापाशी येऊन बसतात. त्या वेळी ही फळ चिरत असे आणि त्यांना एखादी फोड मिळत असे, एवढे मला ठाऊक आहे. कोणते फळ, किती, सोलून की सालीसकट, हे ठाऊक नाही. निवृत्तीनंतर मी रोज घरीच होतो. परंतु चार वाजता माझ्या चेहऱ्यासमोर वर्तमानपत्र असे.

सबब विनंती, की आपण जन्मभर मांजरे पाळली आहेत, तेव्हा सफरचंद, केळे, खरबूज, कलिंगड, संत्रे, नासपती आणि पपई यांपैकी मांजरास काय चालते व काय चालत नाही, ते दोन रकान्यांत लिहून पाठवावे. उत्तर येईपर्यंत मी कोणताही धोका पत्करणार नाही. जे फळ तिला स्वतःच्या हाताने बाईसाहेबांपुढे धरताना मी डोळ्यांनी पाहिले आहे, तेवढेच देत आहे. त्याबाबत शंका नसल्यामुळे ते वरील यादीत घातलेले नाही.

गुडघ्यास जपावे. आपल्या आशीर्वादाची या घराला सवय आहे, ती मोडू नये.

आपला आज्ञाधारक,
मुन्सफ
(हे आपणच ठेवलेले नाव. मी त्या पदावर कधीही नव्हतो, हे पुन्हा एकदा नमूद करतो.)


दि. १२ मार्च

चि. मुन्सफसाहेबांस,
अ. उ. आ.

तुमचं पत्र आलं. रकाने पाडायला मी काही तुमच्या कचेरीत नव्हते. ओळीनं सांगते, रकाने तुम्ही पाडा.

आधी एक ध्यानात घ्या. मांजर मांस खाणारं जनावर. फळावाचून त्याचं काही अडत नाही, आणि गोड चव तर त्याला कळतसुद्धा नाही. बाईसाहेब चार वाजता यायच्या त्या फळासाठी नाही, धाकटीच्या पायाला अंग घासायला. फोड म्हणजे नुसतं निमित्त. तरी तुमच्या हातून ती घेत असेल तर खरबूज द्या, त्याच्या वासावर पुष्कळ मांजरं भुलतात. साल नको, बी नको, तुकडा नखाएवढा. कलिंगडाचं तेच. सफरचंद आणि नासपती सोलून, देठ आणि बिया काढून. बियांत विष असतं, विसरू नका. केळ्याची चकती असते ना, तिचा चतकोर, त्याहून जास्त दिलंत तर गालिचा तुम्हालाच धुवावा लागेल. पपईचा गर चिमूटभर चालेल.

आता नको ते. संत्रं, मोसंबी, लिंबू यांची साल घरात उघडी टाकू नका, तिच्यातलं तेल बाधतं. चेरी, पीच, जर्दाळू यांच्या कोयी नकोत. आणि सगळ्यांच्या वर, तांबड्या शाईनं लिहा: द्राक्ष नाही, मनुका नाही, बेदाणा नाही. एकसुद्धा नाही! एखादं मांजर पचवतं, एखाद्याचं मूत्रपिंड दोन दिवसांत बसतं. कुठलं पचवणारं ते आधी कळत नाही, म्हणून कुणालाच द्यायचं नाही. आमचा लहानपणीचा बोका बेदाण्याच्या बरणीत तोंड घालून जिवानिशी गेला. तेव्हापासून धाकटी द्राक्षं घरात आली की टोपलीखाली झाकून वर वजन ठेवायची.

आणि हे काय हो, देताय ते फळ कुठलं, तेवढंच लिहायचं राहिलं? सात फळं विचारलीत आणि पोटात जातंय ते आठवं गुलदस्त्यात! उलट टपाली कळवा. तो कोट खुंटीवर राहू द्या. प्रत्येक गोष्टीचा निकाल लावलाच पाहिजे असं नाही.

जेवत जा. माझी माया तुमच्या वाट्याला आहेच, ती नाकारायला बघू नका.

तुमची अक्का


दि. १८ मार्च

ती. अक्कांस,
शि. सा. न. वि. वि.

आपले पत्र काल दुपारी मिळाले. उभ्यानेच वाचले आणि तसाच पशुवैद्यांकडे गेलो. यादीत नसलेले फळ द्राक्ष होते.

घडले ते क्रमाने लिहितो. १४ तारखेपासून बाईसाहेबांना उलट्या होऊ लागल्या. १५ला मी त्यांना टोपलीत घालून किल्ल्या करून देणाऱ्याच्या दुकानावरील दवाखान्यात नेले. तेथील डॉक्टर वयाने आपल्या नातीएवढ्या आहेत. त्यांनी विचारले, जेवणात काय देता. मी सांगितले, उकडलेली मासळी व कोंबडी. उत्तर बरोबर होते. द्राक्षे मी जेवणात देत नव्हतो, दुपारी चारला देत होतो. साक्षीदाराने विचारले तेवढेच सांगावे, हे वाक्य बत्तीस वर्षांत माझ्या कानांवरून इतक्या वेळा गेले आहे, की त्या क्षणी आणखी काही सांगायचे असते हे मला सुचलेच नाही. डॉक्टर दोन दिवस पोटाचे औषध देत राहिल्या. काल मी द्राक्षांविषयी सांगितले तेव्हा त्यांनी लेखणी खाली ठेवली. रागावल्या नाहीत. रागावल्या असत्या तर बरे झाले असते. रक्त तपासले. मूत्रपिंड काम करीत नाही. सध्या बाईसाहेब पिंजऱ्यात आहेत, पुढच्या पायाला सलाइन आहे आणि मला सकाळ-संध्याकाळ एकेक तास बसू देतात. डॉक्टरांचे म्हणणे असे, की अकराव्या वर्षी मूत्रपिंड आधीच थकलेले असू शकते. द्राक्षांनीच झाले असे ठामपणे सांगता येणार नाही. मला मात्र सांगता येते.

आपण विचाराल, द्राक्षेच का. आजारपणात तिला दुसरे काही नको असे, म्हणून मी रोज सकाळी बारा द्राक्षे निळ्या बशीत घालून तिच्या उशाशी ठेवीत असे. संध्याकाळी बशी रिकामी असे आणि मी वहीत आकडा लिहीत असे. एके दुपारी दारातून पाहिले, तर तिचा हात पलंगाखाली लोंबत होता, बोटांत द्राक्ष होते आणि खाली बाईसाहेब पंजा उचलून बसल्या होत्या. दोघींना त्रास नको म्हणून मी पाऊल न वाजवता मागे फिरलो. तेव्हापासून माझी समजूत, की आपल्यातले ती त्यांना देते. ती गेल्यावरही बाजारात माझा हात त्याच घडाकडे जात राहिला. १ मार्चपासून रोज तीन द्राक्षे सोलून, मासळीच्या पाण्यात कुस्करून मी दिली. त्यांनी नुसती खाल्ली नसती. मी ती खाण्याजोगी केली.

एक गोष्ट जुळत नाही. द्राक्ष विष आहे हे तिला लहानपणापासून माहीत होते, तर तिने ते मांजरापुढे का धरले? आपल्याला माहीत असल्यास कृपया कळवावे. क्षमेस मी पात्र नाही, तरी पत्रास पात्र समजावे.

आपला,
मुन्सफ


दि. २२ मार्च

चि. मुन्सफसाहेबांस,
अ. उ. आ.

पत्र वाचलं. चांगलं खरमरीत लिहायला बसले होते, पण तुम्ही स्वतःला एवढी शिक्षा ठोठावून ठेवली आहे की मला बोलायला जागाच उरली नाही. डॉक्टरीणबाई म्हणतात ना, ठाम सांगता येत नाही? मग संशयाचा फायदा आरोपीला द्या. जन्मभर परक्यांना मिळताना पाहिलात, एकदा स्वतः घेऊन बघा.

आता तुमच्या प्रश्नाचं उत्तर. धाकटीनं मला शपथ घातली होती. पण शपथ घालणारी गेली, आणि गप्प राहिल्यानं काय होतं ते आपण बघतोच आहोत.

डिसेंबरात मी तुमच्याकडे पंधरा दिवस होते, तेव्हाच तिच्या घशाखाली काही उतरेनासं झालं होतं. पाणीसुद्धा चमच्यानं. द्राक्षं तिनं खाल्लीच नाहीत, मुन्सफसाहेब. एकही नाही. तिचं सगळं करायला येणारी नर्सबाई ती खायची. धाकटी तिला समोर बसवून खायला लावायची. मी होते तेव्हा मीही खाल्ली. मी म्हटलं, अगं, त्यांना खरं सांग. तर म्हणाली, संध्याकाळी बशी बघून ते वहीत आकडा लिहितात ना, तेव्हा त्यांचे ताठलेले खांदे जरा खाली येतात. पडल्या पडल्या मला त्यांच्यासाठी एवढंच करता येतं, ते तू मोडू नकोस.

तिच्या बोटांत होतं ते बारावं. ते ती खेळायला मागे ठेवायची. जमिनीवर घरंगळत सोडायची, बाईसाहेब पंजानं टोलवायच्या, भिंतीला लागून परत यायचं. हुंगून बाईसाहेब तोंड फिरवायच्या, तरी खेळ संपला की धाकटी नर्सबाईकडून ते उचलून घ्यायची आणि हातात आलेलं बघितल्याशिवाय डोळे मिटायची नाही. तुम्ही आणखी दोन मिनिटं दारात थांबला असतात तर सगळं दिसलं असतं. तुम्ही सभ्य माणूस, मागे फिरलात.

बाईसाहेबांचं कळवा. माझ्यावर रागवा हवं तर, पण पत्र थांबवू नका.

तुमची अक्का


दि. २७ मार्च

ती. अक्कांस,
सा. न. वि. वि.

पत्र मिळाले. तीनदा वाचले.

मी आयुष्यात खोटी नोंद केलेली नाही. ही एकच वही, एकूण चव्वेचाळीस दिवसांची, आणि ती आपण तिघींनी मिळून माझ्याकडून खोटी लिहवून घेतलीत. तिच्या डॉक्टरांना मी दर आठवड्याला सांगत होतो, की खाते, रोज बारा द्राक्षे खाते. ते मान हलवीत असत. मी त्यांच्यासमोर मूर्ख ठरलो याचे दुःख नाही. परंतु मला खरे ठाऊक असते, तर डिसेंबरचे ते दिवस मी बाजारात घड निवडण्यात घालवले नसते. आणि एक निरपराध जीव आज पिंजऱ्यात नसता. हे मी शांतपणे लिहीत आहे. अक्षर वाकडे आले आहे ते टाकामुळे.

काल मी नर्सबाईंना बोलावून घेतले व थेट विचारले. त्या प्रथम नाही म्हणाल्या, मग रडू लागल्या. म्हणाल्या, बाई घास मोजायच्या, एकेक द्राक्ष चावून गिळेपर्यंत माझ्या तोंडाकडे बघायच्या आणि गोड आहे का ते विचारायच्या. आंबट म्हटलं तर त्यांना वाईट वाटायचं, म्हणून मी सगळीच गोड म्हणायची. साहेब, आता फळांच्या गाडीवरून जाताना मी दुसरीकडे बघते. मी त्यांना पाणी दिले.

बाईसाहेबांना परवा घरी आणले आहे. वजन पावणेतीन किलो. कातडीखाली सलाइन देण्यास डॉक्टरांनी मला शिकवले. मानेमागची कातडी चिमटीत धरून सुई सरकवावी लागते. त्या ओरडल्या नाहीत. काल चमचाभर कोंबडीचे पाणी घेतले.

यापुढे लिहिण्यासारखे असल्यास लिहीन. आपले क्षेमकुशल चिंतितो.

मुन्सफ


दि. १ एप्रिल

चि. मुन्सफसाहेबांस,
अ. उ. आ.

रागावलात, बरं केलंत. जानेवारीपासून आलेलं हे तुमचं पहिलं पत्र, ज्यात माणूस दिसतो. टाकाला उगाच बोल लावू नका.

तुमचा राग खरा आहे. बोक्याची गोष्ट मला माहीत, शपथ मला माहीत, वही मला माहीत, आणि द्राक्षं घरात येत राहतील हे मात्र माझ्या ध्यानी आलं नाही. त्याचं ओझं माझ्याही डोक्यावर घेते. एकट्यानं वाहू नका. पण एक सांगते. तिचे डॉक्टर फसलेले नव्हते. नर्सबाईनं त्यांना पहिल्याच आठवड्यात सगळं सांगितलं होतं. औषधपाण्यात कसूर झाली नाही.

आणि खोटं बोलली म्हणता, तर आठवून बघा. एकदा तरी विचारलंत का तिला, खाल्लंस का ग? तुम्ही बशी बघितलीत. तिनं बशी रिकामी ठेवली. तुम्ही विचारलं असतंत तर तिनं खरं सांगितलं असतं, मला तशी ती म्हणालीही होती. मला वाटतं ती वाट बघत होती. हे लागेल तुम्हाला, तरी लिहिते. धाकटी असती तर तिनं लिहू दिलं नसतं.

मी तिथं नव्हते हे मला जन्मभर सलणार. पण एका गोष्टीवर मी तग धरून आहे. शेवटच्या घटकेला तुम्ही तिच्या उशाशी होतात. परक्याच्या हातावर गेली नाही माझी बहीण. तेवढं आठवलं की मला झोप लागते.

बाईसाहेबांच्या कपाळावर माझ्या नावानं एक बोट फिरवा. पत्राची वाट बघते, नेहमीसारखी.

तुमची अक्का


दि. ६ एप्रिल

ती. अक्कांस,
शि. सा. न. वि. वि.

बाईसाहेब परवा, ४ तारखेस सकाळी दहा वाजता गेल्या.

आदल्या दिवशी दुपारपासून त्यांनी पाणी सोडले होते. सकाळी उठून यंत्राच्या झाकणावर चढण्याचा प्रयत्न केला, तो जमला नाही. मी उचलून ठेवले, तर तेथेही बसवेना. दवाखान्यात डॉक्टरांनी तपासले आणि मला विचारले, हे थांबवायचे का. त्यांना काय वाटते ते मी विचारले. बाईसाहेबांना दुखत असेल का, हे विचारले. माझ्या जागी त्या असत्या तर काय केले असते, तेही विचारले. इतके प्रश्न मी एका दमात कोणाला विचारल्याचे मला आठवत नाही. त्यांनी प्रत्येकाचे उत्तर दिले. मग मी हो म्हणालो.

त्यांच्या मदतनीस बाईंनी बाहेरचे बाकडे दाखवले. म्हणाल्या, बहुतेक माणसे तेथे बसतात, झाले की आम्ही बोलावतो. मी टेबलापाशीच उभा राहिलो. कपाळावरून बोट फिरवीत होतो. आपल्या नावाने एकदा व नंतर मोजले नाही. बाईसाहेबांनी डोळे मिटले नव्हते. त्या माझ्याकडे पाहत होत्या, स्वयंपाक्याकडे पाहिल्यासारखे नव्हे. मग पाहीनाशा झाल्या. कान बराच वेळ उबदार होते.

आपले पत्र मला त्याच दिवशी संध्याकाळी मिळाले. त्यातील एक गोष्ट वस्तुस्थितीस धरून नाही. आपल्याला तिच्यावर झोप लागते, म्हणून ती तशीच राहू द्यावी असे दोन दिवस वाटत होते. परंतु गप्प राहण्याचे परिणाम आपणच मला लिहिले आहेत.

१६ जानेवारीस सकाळी नर्सबाई मला म्हणाल्या होत्या, साहेब, आज बाहेर जाऊ नका. मी त्यांना म्हणालो, बशी रिकामी आहे. ती जागी होती. माझ्याकडे पाहत होती. मी तिला विचारले नाही, की जाऊ का. चांगला घड पहिल्या गाडीवर नव्हता म्हणून मी दुसऱ्या गाडीवर गेलो, मग तिसऱ्या. परत आलो तेव्हा नर्सबाई दारात उभ्या होत्या आणि मी पिशवी हातात घेऊन त्यांना विचारीत होतो, की बशी धुतली का.

नंतर सर्वांनी मला एकच विचारले, की शेवटी जवळ कोण होते. मी सांगितले, नर्सबाई होत्या. ते खरे होते. मी होतो का, असे कोणी विचारले नाही. माणसे ते गृहीत धरतात. आपणही धरलेत. आपल्या पहिल्या पत्रापासून मला ते दिसत होते आणि मी ते दुरुस्त केले नाही. आपली बहीण नर्सबाईंच्या हातावर गेली, अक्का. माझ्या नव्हे. त्या वेळी मी तीन घडांतून एक निवडत होतो.

परवा टेबलापाशी थांबलो, त्याचे मोल मला वाढवून सांगायचे नाही. थांबता येते, एवढेच समजले. आणि जिच्यासाठी समजायला हवे होते, ती आता नाही.

पत्राच्या शेवटी लोभ मागण्याची रीत आहे. मी ती आजवर हाताच्या सवयीने पाळली. आज खरोखर विचारतो. हे वाचून झाल्यावर आपल्यापाशी माझ्यासाठी काही लोभ उरला आहे का? उरला नसेल, तर तसेही लिहावे. उत्तर कोणतेही आले तरी ते मला हवे आहे.

आपल्या बहिणीचा नवरा